प्रदीर्घ संप आणि कामगारवस्ती : गिरणगाव, कोळसागाव आणि आपला खानदेश

प्रास्ताविक

गेल्या वर्षी अर्थशास्त्राच्या तासाला 'औद्योगिक कलह' हे प्रकरण चालू असताना सरांनी वर्गाला एक साधा प्रश्न विचारला. मुंबईच्या कापड गिरण्या कशामुळे बंद पडल्या? वर्गातून जवळजवळ एकमुखाने उत्तर आले, "संपामुळे!" सर हसले आणि म्हणाले, "मग धुळ्याची गिरणी कशामुळे बंद पडली? चाळीसगावची? अंमळनेरची?" या प्रश्नाला मात्र कुणाजवळच उत्तर नव्हते.

मी गप्प बसलो होतो त्याला आणखी एक कारण होते. माझे आजोबा मुंबईच्या एका गिरणीत साचेखात्यात बदली कामगार होते. १९८२ च्या संपात ते पारोळे तालुक्यातील आमच्या गावी परत आले आणि पुन्हा कधी मुंबईस गेले नाहीत. 'संपामुळे' हे उत्तर मी घरी अनेकदा ऐकले होते. पण ते आजोबांच्या तोंडून नव्हे, इतरांच्या तोंडून. आजोबा याविषयी फारसे बोलत नसत. त्या दिवशी संध्याकाळी मी त्यांना सरांचा प्रश्न विचारला. तेथून या अभ्यासाला सुरुवात झाली.

प्रदीर्घ संपाचा परिणाम कामगारांच्या वस्तीवर, म्हणजे त्यांच्या घरांवर, बायकामुलांवर, वाण्याच्या दुकानावर आणि आपापसांतील नात्यांवर काय होतो, हे पाहण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे. त्यासाठी दोन संपांची तुलना केली आहे : मुंबईच्या गिरणी कामगारांचा १९८२-८३ चा संप आणि ब्रिटनमधील कोळसा खाणकामगारांचा १९८४-८५ चा संप. आपल्या खानदेशात कोळशाच्या खाणी नाहीत. भुसावळजवळ दीपनगरच्या वीजकेंद्रात येणारा कोळसाही बाहेरून रेल्वेने येतो. तेव्हा खाणकामगारांची वस्ती आपणास पुस्तकातूनच पाहावी लागते. परंतु गिरणीचा भोंगा आपल्या चार गावांनी पिढ्यान् पिढ्या ऐकला आहे, आणि एकाच धंद्यावर जगणाऱ्या वस्तीचे सुखदुःख दोन्हीकडे फारसे वेगळे नसते.

संपाची पार्श्वभूमी

मुंबईतील संपाची ठिणगी १९८१ च्या दिवाळीत बोनसच्या प्रश्नावर पडली. मान्यताप्राप्त संघटनेने, म्हणजे राष्ट्रीय मिल मजदूर संघाने, केलेला बोनसचा करार अनेक गिरण्यांतील कामगारांना मान्य नव्हता. ऑक्टोबर १९८१ मध्ये काही गिरण्यांतील कामगार काम सोडून बाहेर पडले आणि डॉ. दत्ता सामंत यांच्याकडे गेले. डॉ. सामंतांनी इंजिनियरिंग व रासायनिक कारखान्यांतील कामगारांना मोठी पगारवाढ मिळवून दिली होती. गिरणी कामगाराचा पगार मात्र त्या मानाने मागे पडला होता. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईतील सुमारे साठ गिरण्यांतील जवळजवळ अडीच लाख कामगारांचा बेमुदत संप सुरू झाला.

मागणी केवळ पगाराची नव्हती. १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्यानुसार एका उद्योगात एकाच संघटनेला कामगारांच्या वतीने बोलण्याचा अधिकार होता. कामगारांचा ज्या संघटनेवर विश्वास उरला नव्हता, तिच्याशीच मालक व सरकार कायद्याने बोलत होते. हा कायदा रद्द करावा, ही संपाची एक प्रमुख मागणी होती. दुसरी महत्त्वाची मागणी बदली कामगारांना कायम करण्याची होती. बदली कामगार म्हणजे काय, हे आजोबांनी मला सांगितले. "रोज पाळीच्या वेळी कार्ड घेऊन गेटावर उभे राहायचे. कायम कामगार गैरहजर असला तर आत घेत, नाहीतर परत. महिन्यातले किती दिवस काम मिळेल ते कुणी सांगू शकत नसे."

या काळात महाराष्ट्राचे मुख्यमंत्रीही बदलले. संपाच्या आरंभीच बॅ. अंतुले पायउतार होऊन बाबासाहेब भोसले आले, आणि फेब्रुवारी १९८३ मध्ये वसंतदादा पाटील आले. संपाबाबतचे धोरण मात्र बदलले नाही.

संप इतका लांबला का?

संपाचे सामर्थ्य कशात असते? माल बाजारात येणे बंद होते आणि मालकाला नुकसान सोसवेनासे होते, यात. पण मालकाजवळ मालाचा साठा असेल किंवा तोच माल दुसरीकडून मिळत असेल, तर नुकसान कामगाराचेच अधिक होते. मुंबईत नेमके हेच झाले. गिरण्यांकडे न खपलेल्या कापडाचा साठा होता. शिवाय भिवंडी, मालेगाव, इचलकरंजी येथील यंत्रमागांवर कापड विणून घेता येत होते. यंत्रमागाचे कारखाने लहान. तेथे बारा तासांची पाळी, तुकड्यावर मजुरी आणि संघटना जवळजवळ नाहीच. मुंबईत साचे बंद होते. पण देशात कापडाची टंचाई झाली नाही.

ब्रिटनमध्येही असेच घडले. मार्च १९८४ मध्ये राष्ट्रीय कोळसा मंडळाने वीस खाणी बंद करून सुमारे वीस हजार नोकऱ्या कमी करण्याचे जाहीर केले, तेव्हा आर्थर स्कारगिल यांच्या नेतृत्वाखाली खाणकामगारांचा संप सुरू झाला. पण पंतप्रधान मार्गारेट थॅचर यांच्या सरकारने आधीच वीजकेंद्रांजवळ कोळशाचे मोठे साठे करून ठेवले होते, आणि नॉटिंगहॅमशायरच्या बहुसंख्य खाणी चालूच राहिल्या. त्यामुळे हिवाळा आला तरी लोकांच्या घरातील दिवे गेले नाहीत.

याउलट मे १९७४ चा रेल्वे संप आठवावा. भुसावळसारख्या रेल्वेच्या गावाला त्याचे महत्त्व वेगळे सांगायला नको. तो संप अवघे वीस दिवस चालला. धावत्या गाडीचा साठा करता येत नाही. म्हणून सरकारला तो लांबू देणे परवडणारे नव्हते आणि त्याने हजारोंना अटक करून तो तातडीने मोडला. ज्या मालाला पर्याय आहे, त्या मालाचा संप मोडावा लागत नाही. तो लांबू दिला म्हणजे पुरते. प्रदीर्घ संप समजून घेण्याची ही पहिली पायरी आहे, असे मला वाटते.

घरावर झालेले परिणाम

लालबाग, परळ, लोअर परळ, वरळी, डिलाईल रोड हा सगळा भाग म्हणजे गिरणगाव. गिरणी, चाळ, वाण्याचे दुकान, व्यायामशाळा, भजनी मंडळ, गणपती हे सर्व एकमेकांना लागून. एकाच खोलीत पंधरा-वीस माणसे पाळीपाळीने राहत. एकाची रात्रपाळी सुटली की दुसऱ्याचे अंथरूण त्याला मोकळे होई. जेवण खाणावळीत.

ही खाणावळ म्हणजे हॉटेल नव्हे. चाळीतील एखादी बाई आपल्याच चुलीवर दहा-पंधरा कामगारांचा स्वयंपाक करी आणि महिन्याच्या पगाराला पैसे घेई. या बायकांना सावकारी कर्जातून सोडविण्यासाठी प्रेमाताई पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ स्थापन केले आणि बँकांकडून कर्जे मिळवून दिली. संप सुरू झाला तेव्हा या बायका कोणत्याही संघटनेच्या सभासद नव्हत्या. त्यांची कोणतीही मागणी नव्हती. पण कामगार गावी गेला की तिचा जेवणारा गेला, आणि जो राहिला त्याच्याजवळ द्यायला पैसे नव्हते. आजोबा सांगत, "मावशीने तीन महिने उधारीवर जेवू घातले. चौथ्या महिन्यात आम्हीच लाजून जाणे सोडले." संपकऱ्यांच्या आकड्यात ही मावशी कोठेच येत नाही. ज्यांचा पगार थांबला तेवढेच संपाने बाधित झाले, असे धरणारा हिशेब म्हणूनच अपुरा ठरतो.

घरातील वस्तूही एका क्रमाने गेल्या. प्रथम वाण्याची वही भरली. मग वाण्याने उधार बंद केले. मग भांडी, घड्याळ, रेडिओ गेले. शेवटी बायकोच्या अंगावरचा डाग गेला. बायकांनी घरकामे धरली, फुगे-फुले विकली, शिवणकाम केले. पोरांची शाळा सुटली ती बहुधा याच काळात. एक-दोन महिन्यांचा संप असता तर यातले बहुतेक पुन्हा उभे करता आले असते. दीड वर्षात सुटलेली शाळा मात्र पुन्हा भरत नाही.

ब्रिटनमधील खाणगावांत चित्र काही बाबतींत निराळे होते. तेथे संपकऱ्याच्या कुटुंबाला सरकारी साहाय्य मिळे. परंतु संघटना संपकऱ्याला भत्ता देतेच असे गृहीत धरून आठवड्याला सुमारे पंधरा पौंड त्यातून कापून घेतले जात. प्रत्यक्षात असा भत्ता मिळत नव्हता. लोकांनी सार्वजनिक स्वयंपाकघरे काढली. खाणीच्या ढिगाऱ्यांतून जळणासाठी कोळसा वेचताना ढिगारा कोसळून मुले मृत्युमुखी पडली. ज्यांच्या बापांनी आयुष्यभर देशाला कोळसा काढून दिला, त्यांच्या घरात शेगडीला कोळसा नव्हता.

एक गोष्ट मात्र तेथे अपेक्षेपेक्षा चांगली घडली. खाणकामगारांची संघटना म्हणजे पुरुषांचे राज्य होते. संपाच्या काळात त्यांच्या बायका स्वयंपाकघरापुरत्या थांबल्या नाहीत. त्या सभांत बोलू लागल्या, दुसऱ्या गावी, दुसऱ्या देशी निधी गोळा करावयास गेल्या. संप हरल्यानंतरही त्यांच्यापैकी अनेकींनी शिक्षण पुरे केले. गिरणगावातील बायकांनीही मोर्चे काढले. परंतु त्यांच्या वाट्याला पुढे आले ते मुख्यतः घर चालविण्याचे ओझे.

गाव : आधार आणि शेवट

मुंबईचा संप दीड वर्ष टिकला याचे एक मोठे कारण म्हणजे कामगाराचे गाव. कोकण, सातारा, सांगली, कोल्हापूर आणि थोड्या प्रमाणात आपल्याकडूनही मुंबईस गेलेल्या कामगाराची गावी थोडीफार जमीन होती, नाहीतर भाऊबंद होते. कामगार गावी गेला, पेरणीला हात लावला, धान्य मिळाले. खेड्यापाड्यांतून संपकऱ्यांसाठी धान्यही गोळा झाले. गाव नसते तर हा संप चार महिन्यांतच आटोपला असता.

पण हाच आधार पुढे संपाचा शेवटही ठरला. खाणगावातील संपकरी गावातच होता. त्याची सभा, त्याचे स्वयंपाकघर, त्याची खाण एका हाकेच्या अंतरावर. म्हणून ३ मार्च १९८५ रोजी संघटनेच्या प्रतिनिधींनी मतदान करून संप मागे घेतला, तेव्हा दक्षिण वेल्समधील मार्डी गावचे कामगार बँड वाजवीत, निशाण घेऊन, एकत्र खाणीवर परत गेले. ते हरले होते. पण हरल्याचा दिवस त्यांना ठाऊक होता.

मुंबईच्या संपाला असा दिवसच आला नाही. तो रीतसर मागे घेतला गेला नाही. १९८३ च्या मध्यापर्यंत काही गिरण्या थोड्याफार चालू झाल्या, काही कामगार मालकाच्या अटींवर आत गेले, काहींना घेतले नाही, आणि हजारो कामगार गावी बसून निरोपाची वाट पाहत राहिले. नोकरी गेलेल्यांचा आकडा निरनिराळ्या अभ्यासकांनी निरनिराळा दिला आहे. परंतु तो लाखाच्या आसपास होता याविषयी फारसा वाद नाही.

मी आजोबांना विचारले, "संपाने तुमचे नुकसान झाले असे वाटते का?" ते बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "संपाने नाही मारले बाळा. वाट पाहण्याने मारले. संप फसला असे कुणी सांगितले असते, तर मी दुसऱ्या दिवशी दुसरे काम धरले असते."

दोन वर्षे त्यांनी गावात सालदारकी केली. मग धुळ्यास एका यंत्रमागाच्या कारखान्यात लागले. बारा तासांची पाळी, मुंबईहून कमी मजुरी. मुंबईत ज्या तऱ्हेचे कापड ते विणत होते, त्याच तऱ्हेचे कापड पुढील वीस वर्षे त्यांनी धुळ्यात विणले. गिरणीतून गेलेले काम कोठे गेले, याचे याहून स्पष्ट उदाहरण मला पुस्तकांत सापडले नाही.

दुफळी

दीर्घ संपाचा सर्वांत चिवट परिणाम माणसामाणसांतील नात्यांवर होतो. ब्रिटनमध्ये राष्ट्रीय पातळीवर मतदान न घेताच संप पुकारला गेला, हे कारण देऊन नॉटिंगहॅमशायरचे बहुसंख्य कामगार कामावर राहिले आणि १९८५ मध्ये त्यांनी वेगळी संघटना काढली. त्या भागातील गावांत एकाच घरातील भाऊ भावाशी बोलेनासे झाले आणि हा अबोला कित्येक ठिकाणी पुढच्या पिढीपर्यंत टिकला. गिरणगावातही जो आधी आत गेला तो 'संपफोड्या' ठरला. मारामाऱ्या झाल्या, रक्त सांडले.

येथे एक बोध दोन्हीकडून मिळतो. मुंबईत कामगारांना हवी असलेली संघटना कायद्याला मान्य नव्हती. ब्रिटनमध्ये मान्य संघटनेने आपल्याच सभासदांचे मत घेतले नाही. दोन्ही ठिकाणी प्रतिनिधित्वाचा प्रश्न सुटला नव्हता, आणि संप लांबला तशी ती चीर रुंदावत गेली.

गिरणगावातील घरांची ही मोडतोड जयंत पवार यांच्या 'अधांतर' या नाटकात आली आहे. आपल्या ग्रंथालयात ते असल्यास अवश्य वाचावे.

संपानंतर

ऑक्टोबर १९८३ मध्ये केंद्र सरकारने मुंबईतील तेरा गिरण्यांचे व्यवस्थापन ताब्यात घेतले. डॉ. सामंत डिसेंबर १९८४ मध्ये लोकसभेवर निवडून आले. १६ जानेवारी १९९७ रोजी त्यांची हत्या झाली. गिरण्यांच्या सुमारे सहाशे एकर जमिनीवर हळूहळू टोलेजंग इमारती आणि मॉल उभे राहिले. गिरणी कामगारांना घरे देण्याची म्हाडाची मोठी सोडत २०१२ मध्ये निघाली. अर्जदार सुमारे दीड लाख, घरे सात हजारांच्या आत. त्या वेळेपर्यंत संपाला तीस वर्षे झाली होती आणि अनेक अर्ज वारसांच्या नावे होते.

ब्रिटनमध्ये १९८४ साली सुमारे पावणेदोनशे खाणी होत्या. डिसेंबर २०१५ मध्ये केलिंग्लीची शेवटची खोल खाण बंद झाली. खाणी बंद होणार, हे स्कारगिल सांगत होते आणि सरकार नाकारीत होते. या एका बाबतीत स्कारगिलांचे म्हणणे खरे ठरले.

खानदेशची साक्ष

आता सरांच्या प्रश्नाकडे वळतो. जळगावची गिरणी एकोणिसाव्या शतकाच्या आठव्या दशकातली. अंमळनेरची गिरणी विसाव्या शतकाच्या आरंभी प्रताप शेठजींनी काढली. धुळ्यास न्यू प्रताप मिल आणि चाळीसगावास लक्ष्मीनारायण मिल होती. कापूस आपल्याच काळ्या जमिनीतला. येथील कामगारही लढाऊ होते. १९४६ साली अंमळनेरास गिरणी कामगारांवर गोळीबार झाला, त्यात कामगार हुतात्मे झाले. परंतु १९८२ चा संप मुंबईचा होता. आपल्या गिरण्यांचा नव्हे.

तरीही आपल्या गिरण्या वाचल्या नाहीत. १९७४ च्या कायद्याने देशातील ज्या १०३ आजारी गिरण्यांचे राष्ट्रीयीकरण झाले, त्यांच्या यादीत धुळे आणि चाळीसगावची नावे आहेत. म्हणजे मुंबईच्या संपाच्या आठ वर्षे आधीच या गिरण्या आजारी ठरल्या होत्या. जुनी यंत्रे, नफ्यातून पुन्हा गुंतवणूक न करणे आणि यंत्रमागांची स्पर्धा ही कारणे संपापूर्वीची आहेत. जळगावच्या स्थानकाजवळ गिरणीच्या जागेवर आज व्यापारी संकुल आहे. लोअर परळलाही तेच आहे. एका ठिकाणी दीड वर्षाचा संप झाला, दुसऱ्या ठिकाणी झाला नाही, आणि शेवट सारखाच झाला. तेव्हा "संपामुळे गिरण्या बुडाल्या" हे उत्तर अपुरे आहे, असे म्हणणे भाग आहे.

परंतु संपाचा काहीच दोष नव्हता, असे म्हणणेही प्रामाणिकपणाचे होणार नाही. दहा-पंधरा वर्षांत जे झाले असते ते दीड वर्षात झाले. सावकाश बंद पडणाऱ्या गिरणीतील कामगाराला काही देणी मिळतात, मुलगा हाताशी येतो. एकदम बाहेर फेकल्या गेलेल्याला यातले काही मिळत नाही. संप कोठे थांबवायचा, हरल्याचे कबूल कधी करायचे, हे ठरविण्याची जबाबदारी नेतृत्वाची असते. आणि बोलणीच न करण्याची जबाबदारी सरकार व मालक यांची असते. या दोन्ही जबाबदाऱ्यांचा भार शेवटी चाळीतल्या खोलीवर पडला.

समारोप

या अभ्यासातून माझे तीन निष्कर्ष निघतात. एक, संपाची लांबी ही कामगाराच्या जिद्दीचे माप नसून समोरच्याजवळ असलेल्या पर्यायाचे माप असते. दोन, वस्तीवरील परिणाम पगारापुरते राहत नाहीत; खाणावळवाली, वाणी, शाळेतले मूल आणि गावाकडचा भाऊ या सर्वांच्या वहीत ते लिहिले जातात. तीन, पराभवापेक्षा अनिश्चिततेने माणसे अधिक मोडतात.

माझ्या मित्रमैत्रिणींना एक विनंती आहे. अंमळनेर, चाळीसगाव, धुळे, जळगाव येथील गिरण्यांत काम केलेली माणसे आज फार थोडी उरली आहेत. ती आपल्याच गल्लीत राहतात. त्यांच्याकडे जाऊन विचारा : कोणत्या खात्यात होता? पगार किती होता? गिरणी बंद झाली त्या महिन्यात घर कसे चालविले? उत्तरे लिहून ठेवा. आपल्या ग्रंथालयात खानदेशच्या कामगारांविषयी जे मिळत नाही, ते या उत्तरांतूनच मिळेल.

सरांना मी माझे उत्तर सांगितले आहे. आजोबांना मात्र हा लेख वाचून दाखविता आला नाही. दिवाळीनंतर ते गेले. त्यांचे बदलीचे कार्ड घरात पत्र्याच्या पेटीत आहे. कोपरे झिजले आहेत, पण गिरणीचा शिक्का अजून वाचता येतो.